बोलतो पोपटासारखा, मग वाचताना का अडतो?

"मॅडम, दिवसभर तोंड चालू असतं. मालिकेचा आख्खा भाग संवादांसकट सांगतो. बाराखडी तोंडपाठ आहे. पण पुस्तक पुढ्यात ठेवलं की गप्प. आळशी आहे का हो?" वाचताना अडणाऱ्या मुलांसोबत मी काम करते. दुसरी-तिसरीतल्या मुलांच्या आया माझ्याकडे जवळपास याच शब्दांत येतात. या प्रश्नाच्या पोटात आणखी दोन प्रश्न असतात, ते जरा उशिरा बाहेर पडतात: डोक्यात काही कमी तर नाही ना, आणि आमचंच काही चुकलं का?

आळस हे उत्तर मी सहसा देत नाही. रोज वर्गासमोर बोलणी खाण्याइतका आळस आठ वर्षांच्या पोराला परवडत नाही. मग काय असतं, हे सांगायला एका मुलाचं उदाहरण घेते. ओळखीच्या खुणा बदलल्या आहेत. त्याला सोनू म्हणू.

सातारा जिल्ह्यातलं तालुक्याचं गाव, मराठी माध्यम, इयत्ता तिसरी. प्रगतिपुस्तकात 'वाचनाचा सराव घ्यावा' हा शेरा पहिलीपासून सलग. आई रोज रात्री जेवणं उरकली की सराव घ्यायची. त्याचा शेवट रडण्यात, क्वचित धपाट्यात. आजीचं मत वेगळं होतं. "ह्याचा बाप बी असाच होता. पुढं लागला का न्हाई धंद्याला?" मी ते वाक्य वहीत लिहून घेतलं. सुनेला वाटलं, सासूबाईंची समजूत काढायला लिहितायत. तसं नव्हतं.

सोनूला त्याचंच पुस्तक वाचायला दिलं. धडा पहिल्या ओळीपासून खडाखडा. आईचा चेहरा उजळला. मग मी पानावरच्या चित्रावर वही ठेवली आणि त्याच धड्यातली मधली दोन वाक्यं कोऱ्या कागदावर लिहून दिली. वाचन थांबलं. 'फणस'पाशी 'प… पन…' करून त्याने माझ्या तोंडाकडे पाहिलं. धडा वाचलेला नव्हता, ऐकून पाठ झालेला होता. बाराखडीचंही तेच. तक्त्यावर 'मो' दाखव म्हटलं की तो 'म मा मि मी' असं मनातल्या मनात गात बोट सरकवत बरोबर 'मो'वर यायचा. तोच 'मो' सुट्या कार्डावर दाखवला तर ओळखू येईना. चाल पाठ, अक्षर नाही. तालावर म्हटलेली बाराखडी (आता चौदाखडी) हे अंतर फार बेमालूम झाकते, म्हणून वर्गातही ते बरेच महिने कुणाच्या लक्षात येत नाही.

आधी कान. हे सगळ्याच पालकांना सांगते. सोनूचा कान दोन-तीन वर्षांचा असताना वारंवार फुटायचा. कानाच्या पडद्यामागे पाणी साचून राहिलं की ऐकू येणं आज बरं, उद्या कमी असं होत राहतं, आणि नेमकी तीच भाषा पक्की होण्याची वर्षं असतात. म्हणून कान-नाक-घसा तज्ज्ञांकडे पाठवून ऑडिओमेट्री, म्हणजे ऐकण्याची तपासणी, करून घेतली. अहवाल स्वच्छ आला. डोळेही ठीक होते.

यावर वडिलांनी विचारलेला प्रश्न रास्त होता. "कान चांगलेत, तर मग आवाजाचा प्रश्न कुठनं आला?"

ऑडिओमेट्रीत बारीक सूर ऐकू येतो का एवढंच मुख्यतः कळतं. बोलणं म्हणजे सलग धार. 'मासा' म्हणताना आपण म्, आ, स्, आ असे चार आवाज सुटे काढत नाही, ते एकमेकांत मिसळलेले असतात. 'क' आणि 'ग' यांना वेगळं करणारा तपशील सेकंदाच्या काही शतांशांत उरकतो. ही धार कुठे तुटते, कोणता तुकडा कुठल्या घरात ठेवायचा, हे काम कानाच्या पुढे, मेंदूत होतं. काही मुलांच्या मेंदूत हे तुकडे जरा पुसट साठवले जातात. बोलण्यात ते जाणवत नाही, कारण संदर्भ सांभाळून घेतो. फळांच्या गाडीपाशी कुणी 'पनस' म्हणालं तरी आपण फणसच समजतो. वाचताना मात्र प्रत्येक खुणेला तिचा नेमका आवाज जोडावा लागतो. आवाजच पुसट असेल तर खूण कशाला जोडायची? सोनू बोलताना 'धडा' स्पष्ट म्हणायचा, श्रुतलेखनात 'दडा' लिहायचा. 'खिडकी'ची 'किडकी' व्हायची. अक्षरं उलटी दिसतात म्हणून असं होतं, हा सिनेमांनी पसरवलेला समज. लहान वयात अक्षरं उलटी बरीच मुलं काढतात. वाचन अडण्याचं मूळ बहुतेक वेळा आवाजांच्या बाजूला सापडतं.

हे पाहायला मी निरर्थक शब्द वापरते. "मी म्हणते तसंच म्हण. मीलटू." बरोबर. "टमीपुला." तो म्हणाला, "टपीमुला." मी परत तोच शब्द सांगितला, तर तो म्हणाला, "टमुपीला." शब्दाला अर्थ नसला की जुन्या ओळखीची मदत मिळत नाही. आवाजांची रांग आहे तशी धरून ठेवावी लागते. तीन अक्षरांपर्यंत त्याची रांग टिकायची, चौथ्याला मोडायची. नंतर आवाज काढून टाकण्याचा खेळ. "पाटीतला पा काढला तर?" "टी." पटकन. "माळमधला नुसता म् काढ, आ राहू दे." बराच वेळ गेला. "ळ."

या शेवटच्या उत्तरावर काही जण लगेच निदान करून मोकळे होतात, आणि ते मला पटत नाही. इंग्रजी वाचणाऱ्या मुलांसाठी बनवलेल्या कसोट्यांत सुटा व्यंजन-आवाज ओळखणं हा मोठा निकष असतो. आपल्या लिपीत मात्र मूल सुरुवातीला 'मा' हा एकच घास म्हणून शिकतं, त्यात म् आणि आ आहेत हे त्याला कुणी सांगत नाही. बंगळुरूच्या सोनाली नाग यांनी 2007 मध्ये कन्नड मुलांवरचं काम प्रसिद्ध केलं. त्यात अक्षराच्या पातळीची जाण लवकर आणि सुट्या आवाजाची जाण बरीच सावकाश येते असं दिसलं. कन्नड लिपीची घडण देवनागरीसारखीच. म्हणजे तिसरीतल्या मराठी मुलाला 'माळ'मधून 'आळ' काढता आलं नाही, तर एवढ्यावरून काही सिद्ध होत नाही. सोनूच्या बाबतीत माझं लक्ष गेलं ते सगळं एकत्र पाहून: निरर्थक शब्द मोडणं, चित्रांची ओळखीची नावं भरभर सांगताना अडखळणं, आणि घरातला इतिहास. मराठी मुलाला मराठीच्या मापाने मोजायला हवं. मानेसरच्या राष्ट्रीय मेंदू संशोधन केंद्राने तयार केलेली, वाचनाची अडचण तपासणारी 'डाली' चाचणी हिंदी, मराठी, कन्नड आणि इंग्रजीत आहे. तपासणी करून घेणाऱ्यांनी कोणती चाचणी लावली, हे विचारायला संकोचू नये.

इतिहास वडिलांनीच सांगितला. ते टेम्पो चालवतात, हिशेब तोंडी, आणि मला त्यांचा प्रत्येक निरोप आवाजात रेकॉर्ड करून आलेला. का ते विचारल्यावर खाली बघून म्हणाले, "मॅडम, पाटी वाचायला वेळ लागतो मला. गाडी पुढं निघून जाते." बायकोला हे लग्नाला इतकी वर्षं होऊन माहीत नव्हतं. वाचनाची ही अडचण घराण्यात उतरते, हे आता पक्कं ठाऊक आहे. त्या दिवसानंतर घरातले धपाटे थांबले. त्यासाठी मला वेगळं काही बोलावं लागलं नाही.

मराठी जशी लिहितो तशी वाचतो, म्हणून सोपी, असं आपण सांगत असतो. अर्धं खरं आहे. 'घर' लिहितो तेव्हा घ आणि र, म्हणतो तेव्हा शेवटचा अ गळतो. 'कि'ची वेलांटी आवाजात नंतर येते, कागदावर आधी. र कधी डोक्यावर रफार होऊन बसतो, कधी पायात जातो. 'चहा' आणि 'चमचा' यांतल्या च साठी अक्षर एकच. ज्याचे आवाज पक्के आहेत त्याला हे सगळं आपोआप सुटत जातं. सोनूसारख्याला ते उघड करून दाखवावं लागतं.

त्याच्या आजीने एक गोष्ट सांगितली ती कुठल्याही चाचणीपेक्षा बोलकी होती. सुट्टीत चुलत बहिणी जमल्या की 'च'च्या भाषेत बोलायच्या: 'मला'चं 'चलाम', 'कुठे'चं 'चठेकु'. सगळी पोरं दोन दिवसांत शिकायची, सोनू चिडून उठून जायचा. आजीला वाटायचं, पोरगं भांडकुदळ आहे. पण ही भाषा बोलायची तर शब्द मनात धरून त्याचं पहिलं अक्षर काढून शेवटी लावायचं, तेही समोरची धडाधड बोलत असताना. वाचायला शिकताना लागणारी तीच कसरत.

मग काम सुरू झालं. तोंडासमोर कागदाची पट्टी धरून 'प' म्हटलं तर ती जेमतेम हलते, 'फ' म्हटलं की फडफडते. क-ख, त-थ यांचंही तसंच. गळ्यावर हात ठेवून स्स्स् आणि म्म्म् म्हटलं तर म्म्म्ला गळा थरथरतो, स्स्स्ला नाही. कानाला न पकडता आलेला फरक हाताला कळला की सोनूचा चेहरा बघण्यासारखा व्हायचा. मग ताणता येणारे आवाज घेतले, स्, म्, न्, ल्: 'स्स्स्… आ… सा'. पुठ्ठ्याची व्यंजनं वेगळी, काना-मात्रा-वेलांट्या वेगळ्या कापल्या. पान, कान, मान, रान: पुढचं कार्ड बदलायचं, मागचं तसंच. बाराखडीचा तक्ता काही काळ भिंतीवरून उतरवला. यावर शाळेतल्या बाई आधी नाराज झाल्या, मग त्यांनीच वर्गात पुठ्ठ्याची कार्डं आणली.

आवाजाचा खेळ आणि हातात अक्षर, दोन्ही एकत्र हवं, याला जुना आधार आहे. ऑक्सफर्डच्या ब्रॅडली आणि ब्रायंट यांनी 1983 मध्ये 'नेचर'मध्ये दाखवलं की आवाजांच्या जोड्या लावायला शिकवलेली मुलं वाचनात पुढे गेली, आणि ज्यांना सोबत प्लॅस्टिकची अक्षरंही दिली होती ती सगळ्यात पुढे. आधी आवाज पक्के होऊ देत, अक्षरं मग बघू, असं थांबून राहण्यातही अर्थ नाही. 1979 च्या एका अभ्यासात पोर्तुगालमधल्या निरक्षर प्रौढांना शब्दातला सुटा आवाज काढता-घालता येत नव्हता, तशाच वस्तीतल्या पण मोठेपणी वाचायला शिकलेल्यांना तो येत होता. वाचनानेही कान तयार होतो.

सोनूच्या मामाने मोबाइलवर जाहिरात पाहिली होती: हेडफोन लावा, मुलाचा मेंदू आवाज वेगाने ओळखायला शिकेल, वाचन सुधारेल. किंमत महिन्याच्या घरखर्चाएवढी. या कल्पनेला संशोधनाची पार्श्वभूमी आहे, ती थोतांड नाही. पण अशा एका गाजलेल्या कार्यक्रमावरचे चांगले प्रयोग 2011 मध्ये एकत्र करून तपासले गेले, तेव्हा वाचनात ठोस फायदा दिसला नाही. मी मामांना म्हटलं, त्या पैशात पोराला आवडतील अशी गोष्टींची पुस्तकं घ्या आणि रोज पंधरा मिनिटं तुम्ही त्याला वाचून दाखवा. वाचता येत नाही म्हणून गोष्टी बंद झाल्या की शब्दसंपत्तीही मागे पडते, मग दुहेरी नुकसान.

आता चौथीत सोनू नवा मजकूर वाचतो. सावकाश, ओळीवर बोट ठेवून, जोडाक्षराला थांबून. अर्थ नीट सांगतो. श्रुतलेखन अजून कच्चं आहे आणि पुढेही काही काळ राहील, हे मी आई-वडिलांना स्पष्ट सांगितलंय. प्रमाणपत्रासाठीची तपासणी साधारण आठव्या वर्षानंतर होते. त्याची झाली आणि विशिष्ट अध्ययन अक्षमता, म्हणजे बुद्धी ठीक असूनही वाचन-लेखन शिकण्यात येणारी अडचण, नोंदली गेली. 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात ही अक्षमता येते. परीक्षेत जादा वेळ वगैरे सवलती त्यावर मिळतात. आईला कागदावरचा 'अक्षमता' शब्द टोचला. ती म्हणाली, हा कागद नातेवाइकांना दाखवायचा नाही. मी म्हटलं, शाळेला दाखवा, बास.

मध्यंतरी वडिलांचा निरोप आला, नेहमीप्रमाणे आवाजात. सोनूची धाकटी बहीण चार वर्षांची आहे, तिचीही चाचणी करायची का? मी कळवलं, इतक्यात नको. वडील आणि भाऊ बघता तिला धोका इतरांपेक्षा जास्त आहे, म्हणून लक्ष ठेवा. कान दुखला-फुटला तर अंगावर काढू नका. आजीला तिच्याशी यमकांचे आणि भेंड्यांचे खेळ खेळू द्या, शब्द टाळ्यांवर तोडू द्या, आणि पहिलीच्या दिवाळीपर्यंत अक्षरं आवाजाशी जुळत नाहीत असं वाटलं तर तिसरीची वाट न बघता घेऊन या. उलट निरोप आला: "आईला 'च'ची भाषा येते म्हणे. ती चालंल का?" चालेल, म्हटलं.