आधी पदवी, कॅमेरा चालूच राहू दे

गुरुजी, नमस्कार.

तुमचं पत्र दोनदा वाचलं. मुलगा यंदा बारावीला, कला शाखा. ब्राझीलचा आदिवासी दिग्दर्शक ताकुमा कुइकुरो याचा सिनेमा पाहिल्यापासून ‘मला आपल्या माडिया आदिवासींवर असंच करायचंय’ म्हणतो आणि मोबाइल घेऊन आजीच्या मागे फिरतो. तुम्ही विचारता, यात पोट भरेल का, आणि पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटला पाठवू का?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर सोपं आहे. एफटीआयआयच्या दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन, ध्वनी या मुख्य अभ्यासक्रमांना पदवी लागते. तेव्हा गडचिरोलीतच बीए होऊ दे, विषय कोणताही.

आता ताकुमाचं. तो शिंगू नदीच्या खोऱ्यातल्या इपात्से गावचा. कॅमेरा हातात आला तो ‘व्हिडिओ नास अल्देयास’, म्हणजे ‘गावोगावी व्हिडिओ’ या प्रकल्पाच्या कार्यशाळांत. २०११ चा त्याचा ‘हायपरविमेन’ तिघांनी मिळून दिग्दर्शित केला. त्यातले एक मानववंशशास्त्रज्ञ. एका म्हाताऱ्याला म्हातारी बायको मरेल अशी धास्ती वाटते. तिला एकदा शेवटचं गाता यावं म्हणून तो बायकांचा मोठा विधी, जामुरिकुमालु, घालायला लावतो. सगळी गाणी येणारी बाई एकच, आणि तीही आजारी! पाहुणा म्हणून आलेल्या कॅमेरावाल्याला हे घर कोणी उघडून दाखवलं असतं?

त्या प्रकल्पाची सुरुवातही मुलाला सांगा. १९८६ मध्ये माहितीपटकार व्हिन्सेंट कारेल्ली यांनी ब्राझीलच्याच नांबिक्वारा आदिवासींचा, मुलगी वयात आल्यावरचा विधी चित्रित केला आणि तिथेच टीव्हीवर दाखवला. लोक नाराज झाले. अंगावर एवढे कपडे कशाला? मग त्यांनी अंग रंगवून विधी पुन्हा केला. नाक-ओठ टोचायची प्रथा मागे पडली होती, तीही तरुणांनी कॅमेऱ्यासमोर पुन्हा सुरू केली. म्हणून विचारते, मुलाने आजीचं चित्रण आजीला दाखवलंय का? नसेल तर आज संध्याकाळीच दाखवू दे, आणि ती काय बोलते तेही रेकॉर्ड करू दे.

पोटाचं खरं सांगते. आदिवासी भाषेतल्या सिनेमाला महिन्याचा पगार नसतो. माझ्याकडे आलेल्या मुलांत टिकली ती संकलन किंवा ध्वनिमुद्रण पक्कं शिकलेली. लग्नाचे व्हिडिओ, संस्थांचे माहितीपट यांवर त्यांचं घर चालतं. स्वतःचा सिनेमा त्याच्या कडेकडेने होतो. चार-पाच वर्षं ओढाताण होईल, हे गृहीत धरा.

महागडा कॅमेरा घेऊ नका. कॉलरला लावायचा एक माइक आणि दोन हार्ड डिस्क घ्या. एक घरी, एक नातेवाइकांकडे. रेल्याची म्हणजे नाचाची गाणी असोत की देवाची, प्रत्येक फाइलवर गाणाऱ्याचं नाव, गाव, तारीख हवी. कोणतं गाणं बाहेर दाखवायचं नाही, हे गायत्याला, म्हणजे गावच्या पुजाऱ्याला, आणि म्हाताऱ्या बायकांना विचारून आधीच लिहून ठेवावं.

एक मात्र खटकलं. ‘घरात मराठीच बोलायला लावलं म्हणजे पुढे जाईल,’ असं तुम्ही लिहिलंय. गुरुजी, तो नियम आता मोडा. या धंद्यात त्याच्या हातातलं भांडवल माडियाच आहे.

दिवाळीच्या सुट्टीत त्याने जोडलेली दहा मिनिटं मला पाठवा. मराठी सबटायटल टाकायला सांगा, मला माडिया येत नाही.