कॉजवे: पूल की बाजार?

प्रश्न असा: ‘आमच्याकडे कॉजवे म्हणजे नदीवरचा ठेंगणा पूल. पावसाळ्यात तो पाण्याखाली गेला की एसटी बंद. मुंबईची मामेबहीण मात्र म्हणते, हे कानातले कॉजवेवरून घेतले. शब्द एकच का?’

एकच, आणि बहिणीच्या कॉजवेखालीही एकेकाळी पाणीच होतं. कुलाबा तेव्हा मुंबईपासून सुटं बेट होतं. ओहोटीला चालत जायचं, भरतीला होडी करायची. १८३८मध्ये मधल्या खाडीत भर घालून रस्ता बांधला, तोच कुलाबा कॉजवे. कुलाब्यातल्या जागांना भाव आला, कापसाचा व्यापार तिथे सरकला, १८७४मध्ये घोड्यांची ट्राम धावू लागली. दोन्ही बाजूंचा समुद्र बुजवत गेले आणि भरीवर इमारती नि दुकानं आली. आज रीगल थिएटरपासून चालत निघालात तर फुटपाथवर कानातल्यांचे, चपलांचे, पितळी वस्तूंचे ठेले लागतात. पाण्याचा मागमूस नाही. रस्त्याचं नाव शहीद भगतसिंग मार्ग झालं, तरी लोकांच्या तोंडी कॉजवेच राहिला.

इंग्रजीत आधी नुसतं ‘कॉसी’ होतं. त्याचा अर्थच बांधून काढलेली वाट. पुढे त्याला वाटेचा ‘वे’ पुन्हा जोडला, आपल्या ‘गाईचं गोमूत्र’सारखा. कॉसी आला जुन्या फ्रेंचमधून, त्यामागे लॅटिन. तिथे मूळ अर्थ चुन्याने बांधलेली वाट की टाचांनी तुडवलेली, यावर अभ्यासकांत वाद आहे. मला टाचांची वाट आवडते, पण आवड म्हणजे पुरावा नव्हे. पोर्तुगीज ‘काल्सादा’, म्हणजे फरसबंदी रस्ता, याच कुळातला.

मूळ अर्थाला कुलाब्याचा कॉजवे जवळचा: पाण्यातून उंच उचललेला रस्ता. तुमच्या गावच्या कॉजवेत अर्थ जवळजवळ उलटला आहे, कारण तो पूर डोक्यावरून जाऊ देण्यासाठीच बुटका बांधतात. आपल्या इंजिनिअरांनी हा शब्द त्या अर्थाने वापरला आणि तो गावोगाव रुजला.

एक बारकावा बघा. मुंबईकर ‘क्रॉफर्ड मार्केटात’ जातो, पण ‘कॉजवेत’ कोणी जात नाही. ‘कॉजवेवर’ किंवा ‘कॉजवेला’ जातात. खरेदीची जागा झाली तरी आपल्या विभक्तीला तो अजून रस्ताच वाटतो.

मराठीत सांगायचं तर कुलाब्याचा तो ‘बांध’, तुमचा ‘फरशी पूल’. तुमच्या गावातली जुनी माणसं त्याला काय म्हणतात, फरशी की साकव, तेवढं विचारून कळवा.