हिरॉईन नाही, मोलकरीण!

तुमच्या पत्रातलं एक वाक्य मी तीनदा वाचलं : ‘आई आजारी आहे असं सांगून तिला पुण्याहून घरी बोलावून घेतलंय.’ मुलगी बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला, जोडीला इटालियन शिकते, नाटकात कामं करते, मार्क उत्तम. ‘मला टीना पिकासारखी कामं करायचीत’ म्हणाली, तुम्ही मोबाइलवर फोटो पाहिलात आणि हादरलात : ‘ही तर म्हातारी मोलकरीण!’

हो, तीच. इटालियन नटी, नेपल्सची, जन्म १८८४, वडील नट. उभी हयात रंगभूमीवर गेली. १९५३ च्या ‘पाने, आमोरे ए फांतासिया’ या सिनेमात ठाणेदाराची मोलकरीण कारामेल्ला झाली आणि इटलीत घरोघरी पोचली, तेव्हा वय होतं ६९. बुटकी, काळ्या कपड्यातली, आवाज घोगरा. कारामेल्ला म्हणजे लिमलेटची गोळी. बाईंचं बोलणं मात्र कारलं! सिनेमाच्या पुढच्याच भागासाठी सहायक अभिनेत्रीचा ‘नास्त्रो द’आर्जेंतो’ हा इटालियन चित्रपट-पुरस्कार मिळाला.

आता तुमची अट : ‘तीन वर्षांत हिरॉईन झाली तर ठीक, नाहीतर एमपीएससी.’ अहो, तिने हिरॉईन व्हायचंय असं म्हटलंय कुठे? अशा नटांना इटालियनमध्ये ‘कारात्तेरिस्ता’ म्हणतात. त्या सिनेमात नायिका होती जीना लोलोब्रिजिदा. प्रेमात पडायचं काम तिचं. पण दारातून कारामेल्ला आत आली की थिएटर हसायचं. हे काम चेहऱ्यावर नाही, कानावर चालतं : समोरच्याचं वाक्य कुठे तोडायचं, कुठे गप्प राहायचं. ते तीन वर्षांत येत नाही, आणि पंचविशी उलटली म्हणून संपतही नाही. पैशांची तुमची भीती मात्र खरी आहे. डबिंग, भाषांतर, शाळांमधली नाट्यशिबिरं यांवर महिना कसा निघेल, हे तिच्याकडून कागदावर मांडून घ्या. पदवीनंतर नाटक-सिनेमा शिकवणाऱ्या संस्था, एनएसडी, एफटीआयआय, ललित कला केंद्र, आहेतच. प्रवेशाचे नियम तिला तुमच्याआधी ठाऊक असतील.

आणि ते आजारपण. १९५७ च्या ‘ला नोन्ना साबेल्ला’त आजी मरायला टेकल्याचा निरोप येतो, नातू गावी धावतो, तर आजी ठणठणीत! नातवाचं लग्न तिला स्वतःच्या मर्जीने लावायचंय. ती आजी टीना पिकाच. तुमच्या लेकीने हा सिनेमा बहुधा पाहिलेला असणार, म्हणजे तुमचं नाटक तिला कळलंही असेल.

आज रात्री जेवताना तिला खरं सांगा आणि उद्याच्या गाडीने पुण्याला पाठवा. पुढचं पत्र तिला लिहू द्या.