जुन्या रेसिंग स्पीडबोटी सरळ धावत असतानाही उलटतात कशा? आणि तरीही लोक त्या चालवतात का?

मी सोलापुरात इंजिन दुरुस्तीचे काम करतो, तरी या प्रश्नाचे उत्तर इंजिनाऐवजी बोटीच्या तळापासूनच सुरू करावे लागते. पाणी हवेपेक्षा सुमारे आठशे पट घन असल्याने वेग हवा असेल तर पाण्याचा स्पर्श कमी करणे भाग असते. म्हणून हायड्रोप्लेन जातीच्या बोटीचा तळ असा घडवतात की वेग येताच ती वर उचलली जाते आणि पुढचे दोन आधार व मागचा अर्धाच बुडालेला पंखा एवढ्यावरच पाण्याला टेकते. अमेरिकेतल्या ‘स्लो-मो-शन फोर’ने 1950 मध्ये याच रचनेवर ताशी सुमारे 258 किलोमीटर वेग गाठला; तिचे अ‍ॅलिसन इंजिन बारा सिलिंडरचे, मुळात लढाऊ विमानांसाठी बनवलेले होते.

घात इथेच होतो. बोटीचे नाक जरा जास्त उचलले गेले की तळाखाली शिरलेली हवा तिला मागे उलथवते. 4 जानेवारी 1967 रोजी इंग्लंडमधील कॉनिस्टन तलावात पाण्यावरच्या वेगाचा विक्रम करू पाहणाऱ्या डोनाल्ड कॅम्पबेल यांची ‘ब्लूबर्ड’ ही जेट बोट अशीच उलटून ते मृत्युमुखी पडले. विक्रमासाठी दोन्ही दिशांच्या फेऱ्यांची सरासरी धरतात; पहिल्या फेरीत उठलेल्या लाटा शांत होण्याआधीच ते परत फिरले होते. कारणांवर वाद असला, तरी नाक उचलले गेले यावर दुमत नाही.

इंजिनाचे दुखणे वेगळे. उजनीच्या जलाशयात पक्षी दाखवणाऱ्या मोटारबोटीत बसलात, तर लाटेवर पंखा क्षणभर पाण्याबाहेर येताच इंजिन कसे किंचाळते ते ऐका. भार नाहीसा होऊन फेरे एकदम वाढतात. सत्तावीस-अठ्ठावीस लिटरच्या विमानी इंजिनात हे घडले आणि चालकाने थ्रॉटल वेळीच सोडला नाही, तर कनेक्टिंग रॉड (पिस्टनला जोडलेला दांडा) तुटून इंजिनाचा ब्लॉक, म्हणजे मुख्य सांगाडा, फोडून बाहेर येऊ शकतो. शिवाय जुन्या बोटींत चालक उघड्यावरच बसे. लढाऊ विमानासारखे बंद छत या शर्यतींत 1980 च्या दशकात आले.

मग चालवतात का? बोट पाण्यावरून सुटते त्या क्षणी विरोध एकाएकी घटतो आणि तोच थ्रॉटल असताना ती पुढे झेपावते, ही ओढ मला तरी पटते. डागडुजी केलेल्या जुन्या बोटी आता बहुधा प्रदर्शनापुरत्याच, बेताच्या वेगाने फिरवतात, आणि त्यात कमीपणा मुळीच नाही. विक्रमाच्या मागे लागण्याबद्दल मात्र तसे म्हणवत नाही: ऑस्ट्रेलियाच्या केन वॉर्बी यांनी घराच्या अंगणात बांधलेल्या लाकडी बोटीने 1978 मध्ये ताशी 511 किलोमीटरचा विक्रम केला, आणि पुढे तो मोडू पाहणारे ली टेलर व क्रेग आर्फन्स हे दोघेही पाण्यावरच्या अपघातांत मरण पावले.