वाचकांचे प्रश्न : किडनीच्या सीटी स्कॅनमधील कॉन्ट्रास्ट कसा वाचावा?

मागील अंकात पोटाच्या सीटी स्कॅनविषयी लिहिल्यानंतर इंदूर आणि आसपासच्या वाचकांकडून जी पत्रे आली, त्यांतील बहुतेक किडनीच्या रिपोर्टविषयी होती. त्यांपैकी चार पत्रांना येथे उत्तरे देत आहे. पत्रे संक्षिप्त केली आहेत आणि नावे गाळली आहेत.

प्रश्न : गेल्या पंधरवड्यात माझ्या यजमानांच्या उजव्या कुशीत तीव्र कळा आल्या, म्हणून सीटी युरोग्राफी (कॉन्ट्रास्ट देऊन मूत्रमार्गाचा सीटी) केली. उजव्या मूत्रवाहिनीच्या खालच्या भागात ९ मिलिमीटरचा खडा, उजव्या किडनीचा ‘डिलेड नेफ्रोग्राम’ आणि ‘१० मिनिटांपर्यंत कॉन्ट्रास्टचे उत्सर्जन नाही’ असे रिपोर्टमध्ये लिहिले आहे. ओळखीच्या एकांनी किडनी निकामी झाली असे सांगितल्यापासून घरात कोणाच्या जिवाला स्वस्थता नाही. हे खरे आहे का? (रामबाग, इंदूर)

उत्तर : नाही. आपण लिहिलेल्या तिन्ही गोष्टी एकत्र घेतल्या तरी त्यांवरून किडनी निकामी झाल्याचे सिद्ध होत नाही, आणि कोणी ते इतक्या खात्रीने सांगावे हे मला योग्य वाटत नाही. रिपोर्टमधील शब्द नीट समजण्यासाठी निरोगी किडनीत कॉन्ट्रास्ट, म्हणजे सीटीत उजळ दिसणारे औषध, कसा पसरतो, हे आधी पाहावे लागेल.

हृदयातून बाहेर पडणाऱ्या रक्ताचा सुमारे पाचवा हिस्सा दोन किडन्यांकडे जातो आणि त्यातील जवळजवळ ९० टक्के रक्त बाहेरच्या थराला, म्हणजे कॉर्टेक्सला मिळते. त्यामुळे हाताच्या शिरेतून आयोडीनयुक्त कॉन्ट्रास्ट दिल्यावर ३० ते ४० सेकंदांनी काढलेल्या चित्रात कॉर्टेक्स लख्ख उजळ दिसतो आणि आतला मेड्युला अजून काळसरच असतो. माळव्याच्या काळ्या मातीत पहिल्या पावसाने वरचा थर भिजतो आणि खालपर्यंत ओल जायला वेळ लागतो, तसाच हा क्रम आहे. पुढे गाळलेला कॉन्ट्रास्ट सूक्ष्म नलिकांतून मेड्युलात उतरतो आणि साधारण ९० ते १०० सेकंदांनी संपूर्ण किडनी एकसारखी उजळते. या अवस्थेला नेफ्रोग्राम म्हणतात. तीन मिनिटांनंतर कॉन्ट्रास्ट लघवीबरोबर किडनीच्या पोकळीत आणि मूत्रवाहिनीत दिसू लागतो. म्हणून कोणतेही चित्र इंजेक्शननंतर किती वेळाने काढले आहे हे कळल्याशिवाय त्यातील उजळपणाचा किंवा काळेपणाचा अर्थ लावता येत नाही.

आपल्या यजमानांच्या मूत्रवाहिनीत खडा अडकल्यामुळे लघवी मागे साचून नलिकांतील दाब वाढला आहे, आणि दाब वाढल्यामुळे रक्त गाळण्याचे काम मंदावले आहे. डावी किडनी एकसारखी उजळली त्या वेळी उजव्या किडनीत कॉर्टेक्स आणि मेड्युला वेगवेगळे दिसत राहिले असतील. डिलेड नेफ्रोग्राम या शब्दांत एवढाच विलंब सांगितला आहे. अशी किडनी नंतर हळूहळू उजळत जाते आणि काही वेळा कित्येक तास उजळ राहते, कारण गाळलेला कॉन्ट्रास्ट पुढे सरकत नाही. उशिरा का होईना पण उजळणे, याचा अर्थ तिला रक्त मिळते आहे आणि ती गाळते आहे. दीर्घकाळच्या अडथळ्याने खरोखर निकामी झालेल्या किडनीत कॉर्टेक्स पातळ होऊन पोकळीभोवती केवळ एक कड उरते आणि तीही फिकी राहते. रिपोर्टमध्ये कॉर्टेक्सची जाडी लिहिली आहे का ते पाहावे. नसेल तर रेडिऑलॉजिस्टना विचारावे, फिल्मवरून ती मोजता येते.

एका बाजूचा नेफ्रोग्राम उशिरा येण्याची इतरही कारणे आहेत. किडनीची धमनी अरुंद झाली असेल तर कॉन्ट्रास्ट मुळात उशिरा पोचतो, आणि हा रोग जुना असेल तर ती किडनी आकाराने लहान झालेली आढळते. शिरेत रक्ताची गाठ झाली असेल तर रक्त बाहेर पडत नाही आणि किडनी सुजते. या दोन्ही रोगांत मूत्रवाहिनी फुगलेली नसते. आपल्याकडे खडा प्रत्यक्ष दिसतो आहे, त्यामुळे कारण शोधण्याची गरज नाही. दोन्ही बाजूंचा नेफ्रोग्राम रेंगाळला तर मात्र रक्तदाब खूप उतरला आहे का, किंवा दोन्ही किडन्यांच्या नलिकांना इजा झाली आहे का, हे तातडीने पाहावे लागते.

पाच मिलिमीटरपेक्षा लहान खडे बहुधा आपोआप पडतात. ९ मिलिमीटरचा खडा पडेल या भरवशावर बसू नये. पूर्ण अडथळा काही आठवडे राहिला तर नुकसान कायमचे होऊ शकते, म्हणून युरॉलॉजिस्टची भेट याच आठवड्यात घ्यावी. अडथळा असताना थंडी वाजून ताप आला, तर दुखणे एक दिवसही अंगावर काढू नये. तुंबलेल्या किडनीतील जंतुसंसर्ग जिवावर बेतू शकतो. अडथळा दूर झाल्यानंतर प्रत्येक किडनीचा कामातील वाटा किती, हे डीटीपीए स्कॅनने (किरणोत्सारी द्रव्य देऊन केलेल्या किडनीच्या तपासणीने) मोजता येते, आणि तोपर्यंत कोणीही निकाल जाहीर करू नये.

प्रश्न : पित्ताशयातील खड्यांसाठी केलेल्या सीटीत माझ्या डाव्या किडनीत ३ सेंटिमीटरची गाठ निघाली. पहिल्या रिपोर्टमध्ये ‘३२ हाउन्सफिल्ड युनिट, कॉन्ट्रास्ट घेणारी गाठ?’ असे होते. दुसऱ्या ठिकाणी साधे आणि कॉन्ट्रास्टचे असे दोन्ही स्कॅन केले. तेथे साध्यात ३० आणि कॉन्ट्रास्टनंतर ३४ असे आकडे आले व ‘बॉस्निअॅक २ एफ’ असा शेरा आला. यातील कोणावर विश्वास ठेवावा? मला कर्करोग आहे का? (टिळकनगर, इंदूर)

उत्तर : दोन्ही रिपोर्ट प्रामाणिक आहेत, पहिल्या रेडिऑलॉजिस्टच्या हाती पुरेशी माहिती नव्हती आणि त्यांनी प्रश्नचिन्ह टाकले, ते योग्यच केले. हाउन्सफिल्ड युनिट हे सीटीचे माप आहे. गॉडफ्रे हाउन्सफिल्ड यांच्या यंत्रावर पहिल्या रुग्णाचा स्कॅन १ ऑक्टोबर १९७१ रोजी लंडनमध्ये झाला आणि १९७९ मध्ये अॅलन कॉर्मॅक यांच्यासह त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. या मापात पाणी शून्यावर आणि हवा उणे १००० वर असते. साध्या ‘सिस्ट’मधील, म्हणजे पाण्याने भरलेल्या गाठीतील, पातळ पाणी २० च्या आत राहते, तर कॉन्ट्रास्टपूर्वीची किडनी साधारण ३० ते ४० वर असते.

पहिला स्कॅन पित्ताशयासाठी होता, म्हणून फक्त कॉन्ट्रास्टनंतर काढला गेला. त्यातील ३२ या एकट्या आकड्याचे दोन अर्थ होऊ शकत होते : गाठीत रक्तवाहिन्या असून तिने कॉन्ट्रास्ट घेतला, किंवा गाठीतील पाणी प्रथिनांमुळे अथवा जुन्या रक्तामुळे मुळातच घट्ट होते. दुसऱ्या ठिकाणी साधा स्कॅनही केल्यामुळे उत्तर मिळाले. ३० वरून ३४ म्हणजे केवळ ४ ची वाढ झाली. दहापेक्षा कमी वाढ म्हणजे कॉन्ट्रास्ट घेतला नाही असे मानतात. १० ते २० मधील वाढ संदिग्ध असते. २० किंवा त्याहून अधिक वाढ झाली तर गाठीने कॉन्ट्रास्ट घेतला असे म्हणता येते. किडनीच्या पोटात रुतलेल्या लहान सिस्टमध्ये भोवतालच्या उजळ कॉर्टेक्समुळे आकडा खोटा वाढलेला दिसू शकतो, म्हणून संदिग्ध वाढीच्या वेळी एमआरआय किंवा कॉन्ट्रास्ट सोनोग्राफीचा सल्ला दिला जातो. मोजमाप दोन्ही वेळा त्याच जागी, तेवढ्याच वर्तुळात आणि गाठीच्या कडेपासून दूर घेतलेले असावे. चार-पाच आकड्यांच्या फरकावर निर्णय घ्यायचा असेल तेव्हा ही काळजी फार मोलाची ठरते.

मग २ एफ कशासाठी? मॉर्टन बॉस्निअॅक यांनी सिस्टचे हे वर्गीकरण १९८६ मध्ये मांडले आणि २०१९ मध्ये ते सुधारले गेले. त्यात आतील पाण्याबरोबरच सिस्टची भिंत आणि आतले पडदे पाहतात. पाण्याने कॉन्ट्रास्ट घेतला नसला, तरी चार किंवा अधिक पातळ, गुळगुळीत पडद्यांनी तो घेतला असेल, किंवा भिंत ३ मिलिमीटर जाडीची पण गुळगुळीत असेल, तर सिस्ट २ एफ गटात जाते. आपल्या रिपोर्टच्या वर्णनात यांपैकी काही लिहिलेले असणार. जाडी ४ मिलिमीटर किंवा अधिक झाली, अथवा कड ओबडधोबड झाली, तर तिसरा गट होतो. कॉन्ट्रास्ट घेणारा स्पष्ट उंचवटा दिसला तर चौथा, आणि त्यात कर्करोगाची शक्यता खूप मोठी असते. २ एफ मधील बहुसंख्य सिस्ट वर्षानुवर्षे तशाच राहतात. त्यांवर शस्त्रक्रिया न करता सहा महिन्यांनी, एक वर्षाने आणि पुढे पाच वर्षे पूर्ण होईपर्यंत दरवर्षी तपासणी करतात. दोन्ही स्कॅनच्या सीडी जपून ठेवाव्यात. केवळ रिपोर्टचा कागद घेऊन पुढच्या तपासणीला जाणारे रुग्ण मी नेहमी पाहतो, आणि तुलनेसाठी जुने चित्र हाती नसल्यामुळे त्यांच्या पदरी पुन्हा संदिग्ध शेराच पडतो.

प्रश्न : मी महात्मा गांधी वैद्यकीय महाविद्यालयात शिकत आहे. किडनीत पाचरीच्या आकाराचा काळा भाग दिसला तर जंतुसंसर्ग, रक्तपुरवठा तुटणे आणि ट्यूमर यांत फरक कसा करावा? (इंदूर)

उत्तर : रुग्णाचा ताप आणि लघवीची तपासणी आधी पाहा, मग चित्र. पायलोनेफ्रायटिसमध्ये (किडनीच्या जंतुसंसर्गात) पॅपिलापासून, म्हणजे मेड्युलाच्या आतल्या टोकापासून, कॉर्टेक्सपर्यंत गेलेले फिके पट्टे किंवा पाचरी दिसतात, कारण सुजलेल्या आणि पुवाने तुंबलेल्या नलिकांत कॉन्ट्रास्ट मंद सरकतो आणि त्या भागातील रक्तवाहिन्या आकसलेल्या असतात. तीन ते सहा तासांनी पुन्हा चित्र काढले तर तेच पट्टे उलट उजळ दिसतात, कारण तेथे अडकलेला कॉन्ट्रास्ट उरलेला असतो. केवळ यासाठी रुग्णाला पुन्हा स्कॅनवर नेण्याची गरज नसते. इन्फार्क्टमधील (रक्तपुरवठा तुटून मेलेल्या भागातील) पाचर रेखीव असते आणि ती मुळीच कॉन्ट्रास्ट घेत नाही. तिच्या बाहेरच्या कडेला आवरणाच्या रक्तवाहिन्यांनी जगवलेली एक बारीक उजळ रेघ दिसली तर निदान जवळजवळ पक्के होते, पण पहिल्या काही तासांत ही रेघ बहुधा नसते; तेव्हा ती नाही म्हणून इन्फार्क्ट नाकारू नये.

ट्यूमर बहुधा गोलसर असतो आणि किडनीचा आकार बाहेर फुगवतो. सर्वांत अधिक आढळणारा क्लिअर सेल कार्सिनोमा हा कर्करोग पहिल्या अवस्थेत (इंजेक्शननंतर ३० ते ४० सेकंदांच्या चित्रात) कॉर्टेक्सइतका, क्वचित त्याहून अधिक पण असमान उजळतो आणि नेफ्रोग्रामच्या अवस्थेत उतरतो. पॅपिलरी प्रकार एकसारखा, मंद आणि हळूहळू उजळतो. अँजिओमायोलायपोमा हा चरबी असलेला निरुपद्रवी ट्यूमर साध्या स्कॅनमधील चरबीवरून, म्हणजे उणे १० च्या खालच्या आकड्यांवरून ओळखतात. ऑन्कोसायटोमा हा निरुपद्रवी ट्यूमर मात्र कार्सिनोमासारखाच उजळू शकतो, आणि केवळ उजळण्याच्या ढंगावरून त्याला निर्दोष ठरवणे मला धोक्याचे वाटते. तेथे बायोप्सी किंवा शस्त्रक्रियेनंतरची तपासणीच निर्णय देते. आणखी एक सवय लावून घ्या. पहिल्या अवस्थेत मेड्युला काळसर असल्यामुळे तेथील लहान ट्यूमर त्यात बेमालूम लपतो, आणि उलट निरोगी मेड्युलालाच कोणी ट्यूमर समजतो. म्हणून लहान ट्यूमर शोधताना आधी नेफ्रोग्रामची अवस्था उघडा. बर्टिनचा स्तंभ, म्हणजे मेड्युलात शिरलेला निरोगी कॉर्टेक्सचा भाग, ट्यूमरसारखा भासला, तरी तो प्रत्येक अवस्थेत कॉर्टेक्सइतकाच उजळतो.

प्रश्न : वडिलांना मधुमेह आहे, मेटफॉर्मिन चालू आहे आणि मासळीची अॅलर्जी आहे. कॉन्ट्रास्ट द्यावा का? चार-चार वेळा स्कॅन करणे आवश्यक असते का? (सुदामानगर, इंदूर)

उत्तर : मासळीच्या अॅलर्जीचा कॉन्ट्रास्टशी विशेष संबंध नाही, पूर्वी कॉन्ट्रास्टमुळेच त्रास झाला असेल तर मात्र तो आधी सांगावा. प्रत्येक अवस्थेच्या स्कॅनबरोबर क्ष-किरणांचा नवा डोस मिळतो, म्हणून किती अवस्था घ्यायच्या हे प्रश्न पाहून ठरते : नुसत्या खड्यासाठी साधा स्कॅन पुरेसा आहे, गाठीसाठी साधा आणि नेफ्रोग्रामचा लागतो, आणि लघवीत रक्त असेल तर उत्सर्जनाची अवस्थाही घ्यावी लागते. क्रिएटिनिनवरून काढलेला ईजीएफआर (किडनीच्या गाळण्याच्या क्षमतेचा आकडा) ३० किंवा अधिक असेल आणि किडनीला नुकतीच इजा झालेली नसेल, तर कॉन्ट्रास्टमुळे मेटफॉर्मिन थांबवावे लागत नाही. तो ३० च्या खाली असेल तर स्कॅनच्या वेळी गोळी बंद करून ४८ तासांनी क्रिएटिनिन पुन्हा तपासतात आणि ते स्थिर असेल तरच ती सुरू करतात. अशा रुग्णाला कॉन्ट्रास्ट द्यायचा की नाही हे नेफ्रॉलॉजिस्टच्या सल्ल्याने ठरवावे, आणि स्कॅनच्या आधी व नंतर पुरेसे पाणी किंवा सलाइन मिळेल हे पाहावे.