टीव्हीवर आयुष्यभर छोट्या भूमिका करणाऱ्या, फारसं नाव न झालेल्या कोणत्या अभिनेत्रीचं काम तुम्हाला मनापासून आवडतं?

एलन कॉर्बी. सत्तरच्या दशकात ज्या अमेरिकन घरांमध्ये 'द वॉल्टन्स' ही मालिका लागायची, तिथे 'वॉल्टन्समधली आजी' म्हटलं की चेहरा डोळ्यांपुढे येतो. नाव मात्र बहुतेकांना सांगता येत नाही. आपल्याकडे तर चेहराही ओळखीचा नाही. मी स्पीच थेरपिस्ट आहे, पक्षाघातानंतर बोलणं गेलेल्या माणसांबरोबर काम करते आणि त्यामुळेच या बाईंचं काम शोधून शोधून पाहिलं.

त्यांचा जन्म १९११ चा, विस्कॉन्सिनमधल्या रसीन गावचा. आईवडील डेन्मार्कहून आलेले. हॉलिवूडमध्ये गेल्या त्या नटी व्हायला, पण हाती आलं स्क्रिप्ट गर्लचं काम. मागच्या शॉटला पेला कुठल्या हातात होता, संवादातला कुठला शब्द गळला, याची नोंद ठेवायची. साधारण बारा वर्षं त्यांनी हेच केलं. माझ्या मते त्यांची खरी तालीम इथेच झाली. कॅमेऱ्याशेजारी बसून इतकी वर्षं दुसऱ्यांचा अभिनय टिपणारं माणूस स्वतः उभं राहिलं की उगाच हातवारे करत नाही.

'इट्स अ वंडरफुल लाइफ' (१९४६) मधला एक प्रसंग बघा. पतपेढी बुडणार या भीतीनं ठेवीदारांची झुंबड उडालीय आणि नायक स्वतःच्या मधुचंद्रासाठी ठेवलेले पैसे वाटतोय. कुणी सगळी ठेव मागतं, कुणी वीस डॉलर. मग एक किडकिडीत बाई संकोचून विचारते, साडेसतरा डॉलर मिळतील का? नायक झालेला जेम्स स्टुअर्ट टेबलावरून वाकून तिचा मुका घेतो. बस, एवढीच भूमिका. दोन वर्षांनी 'आय रिमेंबर मामा'मधल्या लाजऱ्या ट्रिना मावशीसाठी त्यांना ऑस्करचं नामांकन मिळालं. तरी नायिकेच्या भूमिका काही आल्या नाहीत. मोलकरीण, सेक्रेटरी, शेजारीण, खडूस म्हातारी हेच येत राहिलं. हिचकॉकच्या 'व्हर्टिगो'त हॉटेल सांभाळणारी बाई त्याच आहेत.

टीव्ही आला आणि काम वाढलं. 'ॲडम्स फॅमिली'त त्या ताडमाड बटलर लर्चची चिमुकली आई झाल्या. 'अँडी ग्रिफिथ शो'च्या १९६३ मधल्या एका भागात गरीब विधवा बनून बार्नी नावाच्या भोळ्या पोलिसाच्या गळ्यात तीनशे डॉलरला खटारा गाडी मारतात, आणि ही म्हातारी चोरांच्या टोळीतली आहे हे नंतर कळतं. आवाजातला तो गोडवा आणि त्यामागचा पक्का हिशेब, दोन्ही एकाच वाक्यात ऐकू येतं.

१९७१ मध्ये 'द होमकमिंग' हा टीव्हीपट आला आणि त्यातूनच पुढे 'द वॉल्टन्स' सुरू झाली. मंदीच्या काळातलं व्हर्जिनियाच्या डोंगरातलं एकत्र कुटुंब. टीव्हीपटात त्यांच्या नवऱ्याच्या भूमिकेत एडगर बर्गन होते, म्हणजे १९४८ साली ट्रिना मावशीचे नवरदेव झालेले तेच! मालिकेत आजोबा बदलले, विल गीर आले. आजी त्याच राहिल्या. देवभोळी, तोंडाची फटकळ, नवऱ्याला येता-जाता झापणारी आणि त्याच्यावाचून करमत नसलेली. या भूमिकेनं त्यांना टीव्हीवरच्या कामासाठी दिले जाणारे तीन एमी पुरस्कार मिळवून दिले.

नोव्हेंबर १९७६ मध्ये त्यांना पक्षाघात झाला. वाचा जवळजवळ गेली.

निर्मात्यांनी दुसरी आजी आणली नाही. मालिकेतली आजीही आजारी पडली असं लिहिलं आणि मार्च १९७८ मध्ये 'ग्रँडमा कम्स होम' या भागात त्या परत आल्या, मोजक्या शब्दांनिशी. घरचे आजीला जपायच्या नादात कशालाच हात लावू देत नाहीत आणि ती चिडते. वाचाघातात, म्हणजे मेंदूला इजा होऊन बोलणं अडतं तेव्हा, बहुतेकदा समज शाबूत असते, अडतो तो शब्द. पण घरचे लोक मोठ्यानं बोलू लागतात, लहान मुलासारखं समजावतात, वाक्य मध्येच तोडून स्वतः पुरं करतात. हे मी रोज बघते आणि माझा जीव तुटतो. कॉर्बींचं अडखळणं खरं होतं, त्यात अभिनय नव्हता. पण त्या अडखळण्याभोवतीचा राग, स्वाभिमान, हट्ट हे सगळं त्यांनी जाणीवपूर्वक, नटी म्हणून उभं केलं. त्या काळच्या टीव्हीवर दुसऱ्या कुणी हे केल्याचं मी तरी पाहिलेलं नाही. तीन एमींपेक्षा मला हे काम मोठं वाटतं.

तो भाग दाखवल्यावर काही आठवड्यांतच विल गीर वारले. त्या मात्र वॉल्टन कुटुंबावरच्या पुढच्या टीव्हीपटांमध्येही अगदी १९९७ पर्यंत दिसत राहिल्या. १९९९ मध्ये, ८७ व्या वर्षी त्यांचं निधन झालं.

तुम्हाला बघायचं असेल तर थेट त्या भागावर जाऊ नका. आधी 'अँडी ग्रिफिथ शो'मधला 'बार्नीज फर्स्ट कार' बघा, मग 'वॉल्टन्स'च्या पहिल्या सीझनचे दोन-तीन भाग. ती बाई आधी किती भराभर आणि धारदार बोलायची हे कानात बसू द्या, आणि मग सहाव्या सीझनमधल्या 'ग्रँडमा कम्स होम'कडे वळा.