पट्टीचा थर्मामीटर

प्रश्न : मुलगी साडेतीन वर्षांची आहे. दिवसभर बाहुलीला तपासत बसते. मी सोबत खेळायला बसले की मात्र पाच मिनिटांत तिचा रस जातो. हा वेळ अक्षरओळखीला द्यावा का?

उत्तर : नको, तिला खेळू द्या. बाहुलीच्या काखेत फूटपट्टी धरून ती ‘ताप आलाय’ म्हणते, तेव्हा हातात पट्टी असते आणि मनात थर्मामीटर. वस्तू एक, अर्थ दुसरा. सोव्हिएत मानसशास्त्रज्ञ लेव्ह वायगॉट्स्की यांनी १९३३ सालच्या व्याख्यानात हेच सांगितलं होतं, घोडा झालेल्या काठीच्या उदाहरणाने. उद्या ‘क’ या रेघोट्यांत तिला आवाज ओळखायचा आहे, तेव्हाही काम याच जातीचं असेल.

शिवाय डॉक्टर झालं की डॉक्टरसारखंच वागावं लागतं. सोव्हिएत संशोधक मनुइलेंको यांच्या प्रयोगात, नुसतं ‘हलू नका’ सांगितल्यावर चुळबुळणारी मुलं खेळात पहारेकरी झाल्यावर कितीतरी जास्त वेळ स्थिर उभी राहिली. अशा खेळाने बुद्धिमत्ता वाढते, असं मात्र आम्ही म्हणणार नाही. २०१३ साली अमेरिकन मानसशास्त्रज्ञ अँजेलिन लिलार्ड आणि सहकाऱ्यांनी तोवरचे अभ्यास तपासले, तेव्हा त्याला ठोस पुरावा सापडला नाही.

आता खेळ का मोडतो ते. ‘बाहुलीला डोळे किती? हा रंग कोणता?’ असं विचारलं की खेळाची तोंडी परीक्षा होते. जमिनीवर बसा, दोन-तीन मिनिटं नुसतं बघा. ती देईल ती भूमिका घ्या. पेशंट केलं तर कण्हा आणि विचारा, ‘डॉक्टर, औषध जेवणाआधी की नंतर?’ खेळ रेंगाळला तर एकच अडचण टाका : ‘अगं बाई, औषध सांडलं!’ तिने ती उचलली नाही, तर सोडून द्या. पुन्हा रेटू नका. हुबेहूब डॉक्टर सेटची तिला आता गरज नाही. खोका, जुनी चादर, झाकणं, पट्टी अशा पाच-सहा वस्तू पुरतात. सलग पाऊण तास मोकळा ठेवा, कारण कोण काय होणार हे ठरवण्यातच बराच वेळ जातो, आणि ते ठरवणं हाही खेळच आहे.

प्रश्न : दीड वर्षाचा मुलगा असं काहीच खेळत नाही. काळजी करावी का?

उत्तर : या वयात रिकाम्या कपातून पिण्याचं सोंग किंवा फोन कानाला लावणं एवढंच अपेक्षित असतं, आणि काहींना ते थोडं उशिरा जमतं. मात्र हाक मारल्यावर तो बघत नसेल, हवी ती वस्तू बोटाने दाखवत नसेल, तर वाट न पाहता बालरोगतज्ज्ञांकडून विकासाची तपासणी करून घ्या.